कुंचला घरी, कॅमेरा मुळशीत

वीस-पंचवीस वर्षं मी डोंगर रंगवले. मुळशीचे, पाण्यात पाय सोडून बसलेले, सकाळचे निळे आणि संध्याकाळचे जांभळे. दातांच्या दवाखान्यांत आणि कंपन्यांच्या स्वागतकक्षांत ते बरे खपतात, कारण त्यांच्याकडे बघताना कुणाला काही वाटत नाही. मग एका दुपारी, अशाच एका डोंगराला निळा हात मारताना, मला जांभई आली. चित्र बघणाऱ्याला जांभई येणं मी समजू शकते. काढणारीलाच आली म्हणजे प्रकरण हाताबाहेर गेलं.

म्हणून मी माहितीपट करायचं ठरवलं. शनिवार-रविवारची कार्यशाळा केली. शिकवणारा मुलगा माझ्या भाच्याच्या वयाचा होता. "मॅडम, माहितीपट करणाऱ्याने भिंतीवरच्या माशीसारखं राहायचं. बघायचं, पण मध्ये पडायचं नाही," असं तो म्हणाला आणि मी ते मान डोलावत ऐकलं. एक वापरलेला कॅमेरा घेतला. आवाजाच्या कामाला माझे दीर, उल्हासभावजी, आपणहून आले. टेलिफोन खात्यातून निवृत्त झाल्यापासून ते पक्ष्यांचे आवाज ध्वनिमुद्रित करत हिंडतात. माणसांचे आवाज त्यांनी नोकरीत पुरेसे ऐकलेत. त्यांच्याकडे लांब दांडीचा आणि वर केसाळ टोपी घातलेला मायक्रोफोन आहे. तो त्यांना माझ्या जाऊबाईंपेक्षा प्रिय आहे, असं जाऊबाईच सांगतात.

नवऱ्याने निघताना एकच प्रश्न विचारला, "दोघांपैकी एकाला तरी ते मशीन बंद कसं करायचं माहीत आहे ना?"

पौड

दिवाळी होऊन गेली होती. घाटातलं गवत पिवळं पडायला लागलं होतं आणि रस्त्यावर रविवारच्या गाड्यांनी टाकलेल्या पिशव्या तेवढ्या हिरव्या-निळ्या होत्या. आम्हाला जायचं होतं धरणाच्या पाण्याच्या वरच्या अंगाला असलेल्या एका धनगरवाड्यावर. तिथल्या शाळेच्या बाईंनी, त्या माझ्या ओळखीच्या, बोलणं करून दिलं होतं. वाडीतले धोंडूबाबा काहीतरी कामासाठी तहसील कचेरीत येणार होते, त्यांना सोबत घेऊन वर जायचं असं ठरलं.

एसटी स्टँडसमोर मिसळ खात बसलो. भावजींनी तिपाई टेबलाला टेकवून ठेवली होती. ती पाहून हॉटेलवाल्याने विचारलं, "शूटिंग हाय व्हय? हिरो कोन?" मग त्याने भावजींकडे नीट पाहिलं आणि उत्तराची वाट न बघता पाव आणायला गेला.

धोंडूबाबा आले. सत्तरीचे, काटकुळे, डोक्याला लाल मुंडासं. गाडीत पुढच्या सीटवर बसले आणि काच खाली करून ओळखीच्या प्रत्येक माणसाला हाक मारत राहिले. त्या रस्त्यावर त्यांच्या ओळखीचं नाही असं कुणी नव्हतं. त्यामुळे आम्ही वरातीच्या वेगाने गेलो.

वाडीवर

डांबरी रस्ता सोडून चढ लागला आणि चढता चढता माझ्या ध्यानात आलं, की इतकी वर्षं मी हे डोंगर रस्त्याच्या कडेला खुर्ची टाकून रंगवत होते. ते चढायचेही असतात ही माहिती चित्रात कुठे नव्हती. तिपाई धोंडूबाबांनी खांद्यावर घेतली. वर पोचल्यावर ते शांत आवाजात म्हणाले, "बसा. मग श्वास घ्या, काय घाई न्हाई."

वाडी म्हणजे उतारावर विखुरलेली मोजकी घरं. कारवीच्या कुडाच्या, शेणाने सारवलेल्या भिंती, वर पत्रा, आणि प्रत्येक घराला लागून शेळ्यांचा गोठा. धोंडूबाबांची बायको ठकुबाई दारात उभी होती. माझा माहितीपट तिच्यावर होता. म्हणजे असं मला वाटत होतं, तिला अजून कुणी सांगितलेलं नव्हतं.

"काय घेनार तुमी त्यात?" तिने कॅमेऱ्याकडे हनुवटीने दाखवत विचारलं.

"तुम्ही रोज जे करता तेच. शेळ्या सोडणं, चारणं, पाण्यावर नेणं."

"आन त्ये बगनार कोन?"

"शहरातली माणसं."

"त्यास्नी कामं न्हाईत?"

मी तिपाईचे पाय उघडायला घेतले.

तेवढ्यात ताटं आली. नाचणीची भाकरी, हुलग्याचं पिठलं, लसणाचा ठेचा. आमच्याकडे पाहुण्याला "जेवणार ना?" असं विचारतात, आणि विचारण्याच्या सुरावरून पाहुण्याने उत्तर ओळखायचं असतं. इथे विचारत नाहीत. ताट समोर येतं. मी भाकरी नको म्हटलं तर ठकुबाईने माझ्या कपाळाला हात लावून ताप बघितला. मग मी गुपचूप खाल्ली. शेळीच्या दुधाचा चहाही प्यायले. पहिल्या घोटाला शेळी समोर उभी असल्यासारखी वाटते, दुसऱ्या घोटाला चालून जातं.

चित्रीकरणाला सुरुवात केली आणि अडचण झाली. कॅमेरा दिसला की जो तो हातातलं काम टाकून सरळ उभा राही. "काम करत राहा, इकडे बघू नका," असं म्हटलं की सगळे कॅमेऱ्याकडे बघत काम करायचे. ठकुबाई तर आत गेली ती लेकीच्या लग्नातली, जरीच्या काठाची साडी नेसून बाहेर आली.

"मावशी, शेळ्यांमागे जाताना हीच नेसता का रोज?"

"रोज कशापायी नेसंन? येडी का काय तू?"

"मग रोजची नेसा ना."

"मळकं नेसून पिच्चरमदी? माजी लेक तकडं जांब्याला ऱ्हाती, शेजारीपाजारी बगतील. न्हाई जमायचं."

तिची लेक आयटी पार्काजवळ, जांबे गावात भाड्याच्या खोलीत राहते आणि कंपनीत साफसफाईला जाते. शेजारी बघणार म्हटल्यावर विषय संपला. त्यामुळे माझ्या वास्तववादी माहितीपटाची नायिका पहिल्यापासून शेवटपर्यंत लग्नाला निघाल्यासारखी शेळ्या चारते.

भिंतीवरच्या माशीचं म्हणाल तर त्या वाडीत खऱ्या माश्या इतक्या होत्या, की त्या जागेसाठी माझा नंबर लागणं अवघड होतं.

आणि भावजी. ते मायक्रोफोनची दांडी खडकाला टेकवून, डोळे मिटून कुठल्याशा पक्ष्याची शीळ ऐकत होते. चांदी नावाच्या पांढऱ्या शेळीने वास घेतला, विचार केला, आणि मायक्रोफोनची केसाळ टोपी उपटून खाल्ली. भावजींच्या कानांवर मायक्रोफोनला जोडलेले हेडफोन होते. ते एवढ्या जोरात ओरडले, की आजूबाजूचे पक्षी उडाले ते परत आले नाहीत. "तिला काही होणार नाही ना?" मी घाबरून विचारलं. ठकुबाई म्हणाली, "तिनं माजी छत्री खाल्ली व्हती. त्ये तर निस्तं क्यासच हायेत." भावजी त्या दिवशी जेवले नाहीत.

तारेपाशी

दुसऱ्या दिवशी आम्ही शेळ्यांबरोबर निघालो. रोजचा क्रम असा, की सकाळभर टेपाडावर चरायचं आणि ऊन चढलं की पाऊलवाटेने खाली झऱ्यावर उतरायचं. त्याच वाटेने वाडीतल्या बायका पाण्याला जातात आणि पोरं शाळेला.

वाट एका वळणावर आली आणि संपली. सिमेंटचे ताजे खांब आणि त्यांना ताणलेली काटेरी तार, या टोकापासून त्या टोकापर्यंत. पलीकडे झरा दिसत होता. शेळ्या तारेशी येऊन थांबल्या आणि ओरडायला लागल्या. मागच्या पुढच्यांना ढकलत होत्या.

ठकुबाई पुढे झाली. तारेला हात लावून बघितला. मग म्हणाली, "काल नव्हती ही."

मी कॅमेरा सुरू केला होता. खरं सांगायचं तर मला आनंदच झाला होता. उजेड तिरका होता, तारेची सावली जरीच्या काठावर पडली होती, फार सुंदर चौकट होती ती. ठकुबाई त्या चौकटीत उभी राहून रडते आहे हे मला जरा वेळाने कळलं.

तेवढ्यात पलीकडच्या बाजूला पांढरी गाडी येऊन थांबली. पांढरा शर्ट, काळा चष्मा, बोटांत अंगठ्या. याला सगळे बंडूशेठ म्हणतात. राहणारा पुण्याजवळच्या माण गावचा. शेती आयटी पार्कात गेली, उरलेल्या जागेत खोल्या बांधून भाड्याने दिल्या, आणि आता तो शहरातल्या एका बड्या शेठसाठी इकडच्या जमिनी बघतो. तो तावातावाने आला, पण कॅमेरा दिसताच थबकला.

"कुटलं च्यानल?"

मी खरं सांगणार होते, पण भावजींनी टेलिफोन खात्याचा जुना आवाज काढला. "माहितीपट. पुण्याहून."

हे खरंच होतं, पण ते ज्या थाटात म्हणाले त्याने फरक पडला. बंडूशेठने केसांवरून हात फिरवला. "आसं व्हय. मग आमची बी मुलाखत घ्या की. बाहेरची म्हनत्यात आमी निस्ते दलाल. आमी हितलेच. माज्या आईचं म्हायेर ह्या डोंगराखाली."

मला तो माझ्या चौकटीत नको होता. त्याच्या शर्टावर ऊन पडून सगळं पांढरं होत होतं. पण तो उभा राहिलाच, म्हणून मी त्याला जरा डावीकडे सरकायला सांगितलं. तो सरकला आणि बरोबर वाटेवर जाऊन उभा राहिला. मागे ठसठशीत पायवाट, पुढे तार.

"ही वाट लई जुनी," तो चष्मा सारखा करत म्हणाला. "माजा आजा ह्याच वाटंनं पौडच्या बाजाराला जायचा. डोस्क्यावर भारा घिऊन. समदा मुलूख ह्याच वाटंनं जायाचा. लई कष्टाची मान्सं. त्यांचं रगत हाय आमच्यात."

"म्हणजे वाट वापरात होती?" भावजींनी विचारलं. पक्षी कुठल्या झाडावर दिसला, हे ज्या सुरात विचारतात त्याच सुरात.

"व्हती म्हंजे? काल सांजच्यापातुर व्हती की. आता शेठनी प्रॉपर्टी घेतली, म्हनून बंद केली. डेव्हलप करायची हाय."

माझा हात अवघडला होता, कॅमेरा कलला होता, कोपऱ्यात माझा अंगठा आला होता. आयुष्यात इतकी कुरूप चौकट मी कधी केली नव्हती. बंडूशेठने व्हिडिओ पाठवा म्हणून माझा नंबर घेतला, हात जोडले आणि गेला. तार होती तिथेच राहिली.

शेळ्यांना पाणी तर हवंच होतं. आता झऱ्याला जायचं तर डांबरी रस्त्याने मोठा वळसा. त्या रस्त्यावर सुट्टीच्या दिवशी गाड्या कशा येतात ते मला माहीत आहे, मीच तशी येते. ठकुबाईने कळप रस्त्यावर घातला तेव्हा वळणावरून एक गाडी भन्नाट आली आणि चांदीच्या शेपटीला वारा घालून गेली. मी कॅमेरा भावजींच्या गळ्यात अडकवला, लाल ओढणी काढली आणि रस्त्याच्या मधोमध उभी राहून हात हलवायला लागले. पन्नाशीची बाई वाहतूक नियंत्रण करते आहे म्हटल्यावर गाड्या थांबल्या. एका गाडीतून उतरलेल्या मुलीने शेळीबरोबर फोटो काढू का विचारलं. मी तिच्यावर अशी ओरडले, की ठकुबाईला दिवसात पहिल्यांदा हसू आलं.

"घसा हाय की तुला," ती म्हणाली. "दोन दिस नुसती पुटपुटत व्हतीस."

पुन्हा पौड

वाडीतल्या लोकांनी वाट अडवल्याचा अर्ज तहसील कचेरीत दिला. शाळेच्या बाईंनी तो लिहून दिला आणि मला फोन केला, "तुमच्याकडे ते चित्रीकरण आहे ना?"

त्याआधीच मला दुसरा फोन येऊन गेला होता. "म्याडम, बंडूशेठ बोलतोय. तेवडं डिलीट करून टाका. शेठचा बंगला हुतोय तितं. तुमी चित्रं काढता म्हनं, समद्या भितींना तुमचीच पेंटिंगं लावू."

खोटं कशाला सांगू, मी त्या भिंती मनात उभ्या केल्या. जिन्यातली मोठी भिंत तर फारच चांगली होती. रात्रभर जिना डोळ्यांसमोर होता. सकाळी नवऱ्याला सांगितलं, तर तो म्हणाला, "शेळ्या तुझी चित्रं खातील." त्याला विनोद करायचा होता, पण मला चांदी डोळ्यांसमोर दिसली, आणि तिच्यामागून वळणावरची ती गाडी. मी शाळेच्या बाईंना फोन करून, सुनावणीला चित्रीकरण घेऊन येते म्हणाले.

सुनावणी घेणाऱ्या अधिकारी बाई होत्या. धोंडूबाबांनी नवं मुंडासं बांधलं होतं. ठकुबाई अर्थातच जरीच्या साडीत. बंडूशेठ शांतपणे म्हणाला, "मॅडम, त्या ठिकाणी वहिवाटीचा रस्ता कधीच नव्हता." इथे तो एकदम शुद्ध बोलत होता.

मी लॅपटॉप उघडला. चित्रफीत सुरू झाली. मायक्रोफोनची टोपी शेळीच्या पोटात असल्याने वारा घोंघावत होता, पण बंडूशेठचा आवाज त्यावरून खणखणीत येत होता. माजा आजा. समदा मुलूख. काल सांजच्यापातुर. शिपाई चहा घेऊन आला तो तिथेच बघत उभा राहिला.

"हे तुम्हीच ना?" अधिकारी बाईंनी विचारलं.

बंडूशेठने चष्मा काढून पुसला. "मीच हाय," तो म्हणाला. शुद्ध भाषा गेली.

लगेच काही झालं नाही. तारखा पडल्या. स्थळपाहणी झाली, त्या दिवशी अधिकारी बाईंनी स्वतः चढ चढला आणि वर पोचल्यावर धोंडूबाबांनी त्यांनाही श्वास घ्यायला सांगितला. मधल्या काळात एक शेळी रस्त्यावर गाडीखाली गेली. शेवटी वाटेपुरती तार काढायचा हुकूम झाला. आता दोन्ही बाजूंना तार आणि मधून अरुंद बोळ आहे. झऱ्यापर्यंत जाता येतं. शेळ्या जाता जाता शेठने लावलेली शोभेची झाडं मान लांबवून खातात. त्याबद्दल हुकुमात काही लिहिलेलं नाही.

माण

माहितीपट जुळवत बसले होते तेव्हा पुन्हा बंडूशेठचा फोन आला. मी जरा घाबरूनच उचलला.

"म्याडम, त्यो व्हिडिओ घिऊन घरी याल का? आईला बगायचाय. म्हायेरची वाट दिसती म्हनून कुनीतरी सांगितलं तिला. सारकी माज्या मागं लागलीया."

भावजी म्हणाले, "जाऊ नका, वहिनी." आणि मग स्वतःच गाडी काढली.

माणमध्ये आता शेत शोधावं लागतं. काचेच्या इमारतींच्या मागे बंडूशेठची इमारत. प्रत्येक दारासमोर चपलांचा ढीग, प्रत्येक गॅलरीत वाळणारे गणवेश, जिन्यात हिंदीत चाललेली भांडणं. सगळ्यात वर घरमालक. संगमरवरी फरशीच्या त्या दिवाणखान्यात, मोठ्या सोफ्याच्या एका टोकाला, पाय वर घेऊन त्याची आई बसली होती. हौसाबाई. ऐंशीच्या पुढच्या. दात नाहीत, नजर मात्र तल्लख.

मी लॅपटॉप त्यांच्या समोर ठेवला. वाट दिसली तशा त्या पुढे वाकल्या. मग पडद्यावर त्यांचा मुलगा बोलायला लागला. माजा आजा ह्याच वाटंनं, डोस्क्यावर भारा घिऊन.

"कोन?" हौसाबाई म्हणाल्या.

"आजा, आई. तुजा बा," बंडूशेठ म्हणाला.

"त्यो भारा घ्यायाचा?" त्यांना इतकं हसू आलं की खोकला लागला. "त्यो वट्ट्यावर चिलीम वडत बसायाचा. भारा आमच्या डोस्क्यावर. माज्या आन माज्या आयच्या. त्या वाटंला मी शिव्या देत चढलीया आन रडत उतरलीया. पाय सोलून निगायचं. लई वंगाळ वाट."

बंडूशेठचा चेहरा उजळला. "मंग! बंद केली तर काय बिगाडलं?"

म्हातारीने त्याच्याकडे अशी मान वळवली, की भावजी नकळत एक पाऊल मागे सरकले.

"तू केलीस व्हय बंद?"

बंडूशेठ सोफ्यावरची उशी सारखी करायला लागला.

"तुज्या आज्यानं ती तुडवली न्हाई, तुज्या बानं न्हाई, तू तर गाडीतनं उतरत न्हाईस. आमी पायांनी केलेली वाट तू कुनाला इचारून इकलीस रं?"

"मी न्हाई इकली, शेठनी घेतली..."

"गप."

खालच्या मजल्यावर कुणाच्या तरी कुकरच्या शिट्ट्या होत होत्या. हौसाबाईंनी पडद्यावर थांबलेल्या आपल्या मुलाकडे, त्याच्या काळ्या चष्म्याकडे पाहिलं आणि बोटाने लॅपटॉप मिटला.

"ह्याचं काय घेतीस?" त्या मला म्हणाल्या. "माजं घे. मला ठावं हाय त्या वाटंचं. कोन कुटं बाळंत झाली, कोन कुटं पडली, समदं सांगते."

मी कॅमेरा काढला. भावजींनी उघड्या डोक्याचा मायक्रोफोन पुढे धरला आणि, या सबंध प्रवासात पहिल्यांदाच, माणसाचा आवाज ऐकायला डोळे मिटले. हौसाबाईंनी पदर डोक्यावरून घेतला.

"चालू झाला का?"

"हो, चालू आहे."

"मंग त्याला भाईर जायाला सांग. बायकांचं बोलनं हाय."

बंडूशेठने माझ्याकडे पाहिलं. मी खांदे उडवले. मग तो स्वतःच्या घरात, स्वतःची खुर्ची उचलून, गॅलरीत जाऊन बसला. दार लावताना त्याने ते जरासं उघडं ठेवलं. हौसाबाईंच्या ते लक्षात आलं. त्यांनी आवाज चढवला आणि सुरुवात केली.